शब्द क्रमांक सत्त्याहत्तर

यादी शंभर शब्दांची.
मी, डोळा, जीभ, राख, रात्र,
ज्यांच्यावाचून कुणाचंच भागत नाही
आणि जे कुणी शेजाऱ्याकडून उसने आणत नाही
असं पुस्तक म्हणतं.

दंडोबाच्या पायथ्याला, खाणीच्या अलीकडं,
पत्र्याच्या सावलीत बसून
तिम्मव्वा धोत्रे मला वडारी शब्द देत होती.
डोळा? कन्नू.
मी लिहून घेत होते, शेजारी तेलुगूतला जोडीदार.
जुळला तर एक, नाही तर शून्य.
मी विश्रामबागला पोरांना सरासरी शिकवते.
भाषा मला कळत नाहीत, त्यांच्यातली अंतरं कळतात.

पंचाहत्तर पाणी. शहात्तर पाऊस. सत्त्याहत्तर दगड.
“कुटला?”
दगड, मावशी. साधा.
“साधा दगूड म्हंजी काय गं?”
आणि उठलीच, गुडघ्यावर हात टेकून.
हा एका घावात दुभंगतो. हा वाजतो.
हा बहिरा, ह्याच्या नादी लागू नये.
ह्याचा पाटा होतो, तो नुसता खडीला.
प्रत्येकाला नाव. सात झाली.
आठवं आठवेना म्हणून तिनं
हातोडीनं दगडालाच विचारून बघितलं.

माझ्याकडं रकाना एकच.
मी ‘रायी’ लिहिलं, पुढं एक.
बाकीची नावं समासात.
समास प्रोग्राम वाचत नाही.

“घण न्हाई तुज्या यादीत? सुतकी? पहार?”
नाहीत. अवजारांचे शब्द गावोगाव फिरतात,
त्यांच्यावरून रक्ताचं नातं धरता येत नाही.
“आमी बी फिरतोच की,” ती म्हणाली
आणि चहाला साखर उसनी आणायला
नातवाला पिटाळलं.

नातू दुर्गेश. क्रशरवर जातो.
साखर घेऊन आला तेव्हा त्यालाही शंभर विचारले,
सहज, पडताळा म्हणून.
जुनं सूत्र सांगतं, हजार वर्षांत
शंभरातले चौदा शब्द गळतात,
सगळ्या भाषांत एकाच चालीनं,
वायसर गेलेल्या नळासारखे.
दुर्गेशचे एकतीस गेले होते.
रात्री सूत्रात आकडे घातले. उत्तर आलं:
आजी आणि नातू
सुमारे बाराशे तीस वर्षांपूर्वी वेगळे झाले.

पुन्हा केलं. गणित बरोबर होतं.

आयर्विनच्या पुलाशी फुटांच्या खुणा आहेत.
उन्हाळाभर नदी तळाशी, पट्टीकडं कुणी बघत नाही.
मग एका आठवड्यात सत्तावन्न फूट
आणि मारुती चौकात होड्या.
कृष्णेच्या चढण्याचीही सरासरी निघते,
पोरांना मी ती काढायला लावते,
दशांशाच्या दोन स्थळांपर्यंत.

ते सूत्र सोडलं. दुसरं घेतलं,
ज्यात प्रत्येक फांदीला आपापली चाल असते.
माघात निकाल घेऊन गेले.
कागदावर झाड, फांद्यांवर टक्के.
तुमची बोली, मावशी, मोठ्या फांदीपासून फुटली
ती सहाशे ते अकराशे वर्षांमागं,
पंच्याण्णव टक्के खात्रीनं.
तिम्मव्वानं कागद उलटा केला, सुलटा केला.
“पाश्शे वर्सांचा घोळ?
येवढी चूक म्या ब्रासात केली आसती
तर मुकादमानं हजरीच कापली आसती.”

हसले मी. हसावंच लागलं.
ती नातवाकडं वळून वडारीत काहीतरी बोलली,
हातानं घण उचलल्यासारखं केलं, मधेच थांबवलं.
दुर्गेशनं मोबाईलमधून मान न काढता
एक शब्द सांगितला.
“त्योच गं!” म्हातारी माझ्या दंडावर थापटून म्हणाली.
“आठवा.”

घाव बसल्यावर जो क्षणभर काहीच करत नाही
आणि मग फुटतो, त्या दगडाचं नाव.
तुला कसं माहीत रे?
“क्रशरच्या जबड्यात त्योच अडकतोय.
रोज शिव्या खातोय माज्या.”

शंभरात तो नव्हता.
समासात जागा उरली नव्हती.
तळहातावर लिहून घेतला
आणि एसटीत दांडी धरली
ती दुसऱ्या हातानं.